मुक्या माइकमागचा आवाज

तुमच्या खोलीतल्या भिंतीवर उडणाऱ्या माणसांची पोस्टरं लावलेली आहेत. व्हिडिओ कॉलवर बोलताना ती मला तुमच्या डोक्यामागे दिसतात. दोन वर्षांपूर्वी तुमच्यापैकी एकाने मला एक संकेतस्थळ दाखवलं होतं. सुपरहिरोंचे जुने सिनेमे, त्यांची पोस्टरं, फोटो आणि जाहिराती जगभरातले हौशी लोक तिथे जमा करतात. कुणीही बघावं, कुणालाही पैसे पडत नाहीत. तोच म्हणाला, "आजी, यातलं तुला काही कळणार नाही." मी चष्मा पुसला आणि म्हटलं की असलीच पोस्टरं मी गणिताच्या पुस्तकांना कव्हर म्हणून घातली आहेत. तुम्ही दोघं हसलात. मी विनोद करत नव्हते.

तुमच्या पणजोबांची आर्वीला टॉकीज होती, हे तुम्हाला माहीत आहे. मी नागपूरला इंग्रजी शाळेत शिकलेली मुलगी, लग्न होऊन त्या घरात आले, तेव्हा मला वाटलं होतं की रोज फुकट सिनेमा बघायला मिळेल. मिळाला तो फक्त सिनेमाचा कागद. एखाद्या सिनेमाची पोस्टरं उरली की ती घरी येत. कागद जाड, मागची बाजू पांढरी स्वच्छ. जून आला की घरातल्या आणि शेजारच्या पोरांच्या पुस्तकांना त्याचीच कव्हरं. पणजोबांचा नियम एकच होता, चित्र आत आणि पांढरी बाजू बाहेर. मास्तरांना वाटे, टॉकीजवाल्यांच्या घरची पोरं फार टापटीप.

कॉलेजात इंग्रजी शिकवून निवृत्त झाल्यावर वर्ध्याच्या या घरात मी पुस्तकांच्या पेट्या आणल्या होत्या, पण उघडल्या नव्हत्या. त्या व्हिडिओ कॉलनंतर उघडल्या. एकेका पुस्तकाचं कव्हर हलक्या हाताने काढलं, ओल्या फडक्यात दाबून घड्या मोडल्या आणि फरशीवर मांडत गेले. बीजगणितातून एक डोकं निघालं. भूगोलातून एक हात निघाला, बोटांतून पिवळ्या ठिणग्या उडणारा. पाय एका व्याकरणाच्या पुस्तकाला होते. असा तो हिरव्या झग्यातला वीर दुपारभर माझ्या बैठकीत जमा होत होता.

मी प्रत्येक तुकडा वेगळा स्कॅन करून पाठवला. तो संग्रह सांभाळणाऱ्या बंगळूरच्या बाईंनी ते तुकडे सहा वेगवेगळी छोटी पोस्टरं म्हणून नोंदवले आणि वर कौतुकाने लिहिलं की त्या काळी खिशात मावणारी पोस्टरं निघत, हे त्यांना नव्यानेच कळलं. मी त्यांना कव्हरांची पद्धत समजावून सांगितली. त्या खूप हसल्या असाव्यात, कारण त्यांच्या उत्तरात हसणाऱ्या चेहऱ्यांची रांग होती. मग आम्ही दोघींनी मिळून तो वीर जोडला. घड्यांच्या रेघा मी पुसू दिल्या नाहीत.

हा सिनेमा मुंबईत कमी पैशात काढलेला, हिंदीतला. हाताच्या बोटांतून वीज सोडणाऱ्या माणसाचा. मोठ्या शहरांत तो आठवडाभरही चालला नसेल. आर्वीला मात्र त्याने बैलबाजाराच्या दिवसासारखी गर्दी खेचली. आज त्याची एकच व्हिडिओ कॅसेट संग्रहाला मिळाली आहे आणि तिच्यात शेवटच्या रिळाचा भाग नाही. आमच्या पेटीत, टॉकीजच्या दाराशी काचेच्या चौकटीत लावायचा फोटोसेट निघाला. त्यातल्या फोटोंत शेवटची मारामारी आहे. म्हणजे या सिनेमाचा शेवट आज जगात कुठे असेल तर तो आपल्या घरातल्या फोटोंत. हे मी शेजारच्या बाईंना तीनदा सांगितलं.

आणि पेटीच्या तळाला एक कॅसेट निघाली. तिच्यावर तुमच्या पणजोबांच्या अक्षरात फक्त "जाहिरात" असं लिहिलेलं होतं.

आता तुमच्या आत्याआजीबद्दल सांगते. तुमच्या आजोबांची धाकटी बहीण, म्हणजे माझी नणंद. देवळीला असते. मी लग्न होऊन आले तेव्हा ती कॉलेजात जात होती. तिचा आवाज भरदार होता, पुरुषासारखा. टेलिफोन तिने उचलला की पलीकडचा माणूस तिला "भाऊ" म्हणूनच बोलायला सुरुवात करी.

टॉकीजची जाहिरात गावभर सायकलरिक्षातून फिरे. वर भोंगा, दोन्ही बाजूंना पोस्टर, आत बसलेला एक माणूस माइक हातात धरून बोलणारा. बोलणारा माणूस एका दिवाळीनंतर काम सोडून गेला. रिक्षा चालवणारे जे होते, त्यांना सगळं गाव पुढे "माइकवाले काका" म्हणू लागलं, ते अतिशय विश्वासू. पण आवाज इतका बारीक की भोंग्यातूनही शेजारच्या दुकानापर्यंत पोचत नसे. पणजोबा दोन दिवस विचारात होते. तिसऱ्या दिवशी त्यांनी मुलीला धान्याच्या खोलीत बसवलं, चारी बाजूंनी गोधड्या टांगल्या, टेपरेकॉर्डर पुढे ठेवला आणि म्हणाले, बोल.

सिनेमाबरोबर येणाऱ्या माहितीपत्रकात कथा इंग्रजीत छापलेली असे. ती वाचून सांगायचं काम माझं. मी सांगे की नायकाला अपघातात विलक्षण शक्ती प्राप्त होते. ती ऐकून घेई, क्षणभर छताकडे बघे, आणि मग असं काही बोले की मला पदर तोंडात कोंबावा लागे, नाहीतर माझं हसू टेपवर गेलं असतं. या विजेच्या सिनेमाला ती म्हणाली,

"ऐका हो मायबहिनींनो, ऐका हो भाऊ! आपल्या टॉकीजमंदी इजेचा बादशहा आला हाये. बोट लावलं का बलब पेटते. गावाची लाइन जाते, याची जात नाई! लेकराले आना, सासूले आना. सासू नाई म्हनत असन तं तिले घरी ठेवून या, पन तुमी येजो!"

मधेच, "लेकराले आना" म्हटल्यावर, तिला शिंक आली. धान्याच्या खोलीतली धूळ ती. चांगली दणदणीत शिंक. पणजोबांनी टेप वाया घालवायला नकार दिला. शिंक तशीच राहिली.

मुलीचा आवाज बाजारात फिरतो, हे मात्र बाहेर कळायला नको होतं. तिचं लग्न व्हायचं होतं आणि टॉकीजवाल्याची मुलगी म्हणून सोयरे आधीच नाक मुरडत. म्हणून पणजोबांनी माइकवाल्या काकांना वायर तोडलेला माइक दिला. दोन वर्षं प्रत्येक सिनेमाची टेप सीटखाली वाजे आणि काका मागच्या सीटवर बसून माइक तोंडाशी धरून ओठ हलवत. रिक्षा ओढायला दुसरा माणूस ठेवला. काकांनी आमच्याकडे आतल्या खोलीत इतका सराव केला की एक श्वासही चुकत नसे. शिंकेच्या जागी ते माइक बाजूला घेऊन डोकं झटकत आणि खिशातल्या रुमालाने नाक पुसत. आम्ही गच्चीवरून ते बघितलं तेव्हा तुमची आत्याआजी पोट धरून खाली बसली.

पुढे तिचं लग्न देवळीच्या शेतकरी घरात झालं. त्याच वर्षी हा सिनेमा देवळीला गेला. रिळांच्या पेटीबरोबर जाहिरातीची कॅसेटही गेली, कारण ती कुठल्याही गावाला चाले. नवी नवरी डोक्यावर पदर घेऊन अंगणात तुरीची डाळ पाखडत होती, आणि गल्लीतून तिचाच आवाज आला. तिच्या सासूने हातातलं सूप खाली ठेवलं आणि कान दिला. "मले घरी ठेवते म्हनते मेला! याची बायको कवा बोलत असन बिचारी?" आणि मग म्हणाली, "चाल व, आज आपून दोघीच जाऊ." नवरी पदराआड हसली म्हणून तिला बोलणी बसली, पण सासू-सून दोघी सिनेमाला गेल्या. ती सासू मरेपर्यंत, लाइट गेली की, "इजेच्या बादशाले बोलवा" म्हणायची. तिला कधी कळलं नाही. कुणालाच कळलं नाही. पणजोबा गेले, माइकवाले काका गेले, तुमचे आजोबा गेले. गोष्ट माझ्यात आणि तुमच्या आत्याआजीत राहिली.

कॅसेट मी वर्ध्याच्या एका दुकानातून संगणकावर उतरवून घेतली आणि बंगळूरला पाठवली. बाईंना ती इतकी आवडली की त्यांनी फोनच केला. म्हणाल्या, मधे एक शिंक आहे, तेवढी मी साफ करून टाकते. मी म्हटलं, शिंकेला हात लावायचा नाही. आवाज कुणाचा, हा रकाना मात्र मी मोकळा ठेवायला सांगितला. नाव माझं नव्हतं, ते मी परस्पर कसं देणार?

काही महिन्यांनी त्या रेकॉर्डिंगखाली एका मुलाने लिहिलं. तो सावंगीच्या रुग्णालयात तंत्रज्ञ आहे, माइकवाल्या काकांचा नातू. त्याने लिहिलं होतं की हा माझ्या आजोबांचा आवाज आहे. आजोबा घरी फार हळू आणि फार कमी बोलत. आजी म्हणायची, दिवसभर भोंग्यावर बोलून आवाज संपवून येतात, घरी काय उरणार. तो आवाज आम्ही आज पहिल्यांदा ऐकला, आईला ऐकवला, ती रडली.

बंगळूरच्या बाईंनी मला विचारलं, नाव भरू का?

तुम्हाला माझा स्वभाव माहीत आहे. घरात डबा चुकीच्या फळीवर असला तरी मला झोप लागत नाही. कॉलेजच्या कपाटांवर मी स्वतः चिठ्ठ्या लावायची. मोकळा रकाना मी सहन करू शकते, चुकीचा भरलेला नाही. मी दुसऱ्याच दिवशी एसटीने देवळीला गेले.

तुमच्या आत्याआजीने टॅबलेट मांडीवर घेतला आणि स्वतःचा आवाज ऐकला. किती वर्षांनी ऐकत होती, देव जाणे. तिची सून स्वयंपाकघरातून म्हणाली, कोण हो हा, भारी बोलतो. आत्याआजीने तिच्याकडे बघितलंही नाही. शिंक आली तेव्हा तिच्या नाकपुड्या हलल्या. मी नातवाने लिहिलेलं वाचून दाखवलं आणि म्हटलं की आता तू सांगायला हवंस, नाव तुझं जायला हवं.

"लिहू द्या त्याच्या आज्याचं," ती म्हणाली. "त्या मानसानं जलमभर तोंड उघडलं नाई. बायकोपाशी बी नाई. माह्या बापाची अन् माही इज्जत राखली त्यानं. अन् मी आता त्याच्या नातवाच्या तोंडातला घास काढू?"

मी म्हटलं, अगं, पण ते खरं नाही.

"तुमाले फळीवर डबा बराबर पायजे, वहिनी," ती म्हणाली. "डब्यात काय हाये ते कोन पायते?"

मला ते लागलं. कारण त्यात थोडं खरं होतं. तिने मला वांग्याची भाजी आणि भाकर वाढली, आम्ही दोघी इकडचंतिकडचं बोललो आणि मी परतीच्या गाडीने निघाले. रस्त्यात दोन्ही बाजूंना कपाशी फुटलेली होती. मी ठरवलं की बाईंना सांगायचं, रकाना मोकळाच राहू द्या. नाव माझ्या नणंदेचं आहे, द्यायचं की नाही हा अधिकार तिचा. मनातून मात्र मला वाईट वाटत होतं. ती गेल्यावर जगाला तो आवाज कुणा पुरुषाचाच वाटत राहील.

आठ-दहा दिवसांनी तिचा फोन आला. नमस्कार-चमत्कार काही नाही.

"त्या पोराले बोलवा," ती म्हणाली. "मी लय विचार केला. तो म्हनते आजा बाहेर बोलून थकत होता. आजा थकत नोता, वहिनी. आजा सांभाळून राह्यलता. ते त्याले कोन सांगन? त्याच्या आज्याची खरी गोष्ट माह्याचजवळ हाये. मी गेलो तं तेही जाते."

रविवारी तो मुलगा सावंगीहून मोटरसायकलवर देवळीला आला. मी आधीच येऊन बसले होते. त्याला वाटत होतं की आजोबांच्या आठवणी ऐकायला बोलावलं आहे. येताना त्याने आजोबांचा फोटो आणला होता, पाकिटात घालून. आत्याआजीने त्याला चहा दिला, चिवडा दिला, आईची चौकशी केली. मग काही प्रस्तावना न करता, पाय खाली सोडून, बाजेवर बसल्या बसल्या तिने सुरुवात केली. "ऐका हो मायबहिनींनो, ऐका हो भाऊ!"

आवाज आता थोडा फाटला आहे. पण भोंग्याची तिला गरज नव्हती. स्वयंपाकघरातली भांडी वाजायची थांबली आणि सून हात न पुसताच दारात आली. "लेकराले आना" म्हटल्यावर आत्याआजी थांबली. शिंक येईना. खोटी शिंक तिला कधीच जमली नाही.

मुलगा कप हातात धरून तसाच बसला होता. त्याचा चेहरा उतरला होता. माझ्या मनात आलं की आपण त्याच्या घरातलं काहीतरी उचलून आणलं.

मग त्याने विचारलं, "मग आजोबा काय करत होते?"

आत्याआजी उठली. तिचे गुडघे दुखतात, बाजेला धरून उठावं लागतं, पण उठली. जेवणाचा मोठा चमचा माइकसारखा धरला आणि माइकवाले काका करून दाखवले. गाल फुगवून, भुवया उडवून, एकही शब्द न उच्चारता तिने सगळी जाहिरात ओठांनी म्हटली. शिंकेच्या जागी चमचा बाजूला नेला, डोकं झटकलं आणि नसलेल्या रुमालाने नाक पुसलं.

मुलगा एकदम हसला. मग त्याने तोंडावर हात ठेवला.

"आजोबा हे करायचे," तो म्हणाला. "आम्ही रडायला लागलो की असंच करायचे. आवाज न करता शिंकायचे. आम्हाला वाटायचं, पोरांना हसवायला काढलेली गंमत आहे."

"गंमत नाई, बाबू," आत्याआजी म्हणाली. "ते त्याचं काम होतं. माही शिंक तो गावभर शिंकला. अन् कोनाची हाये ते मरेपर्यंत सांगतलं नाई."

तिने त्याला सगळं सांगितलं, गोधड्या, तोडलेली वायर, आणि तिच्या लग्नात काकांनी जेवणाच्या पंगतीत वाढताना तिच्याकडे बघून नुसते ओठ हलवले होते ते. काय म्हणाले, ते तिला लगेच कळलं होतं. "तुमी येजो." हे तर मलाही माहीत नव्हतं.

निघताना मुलाने फोटो तिच्या हातात दिला. फोटोत काका रिक्षात बसलेले, तोंडाशी माइक, मागे हिरव्या झग्यातल्या वीराचं अख्खं पोस्टर. घडी न पडलेलं. मी तिथेच तो फोटो स्कॅन करायला मागितला. शिस्त शिस्तीच्या जागी.

सून दारात उभीच होती. म्हणाली, "आई, येवढा आवाज होता तं मले हळू हळू काऊन बोलत होत्या इतके वर्षं?"

"तुयासाठी भोंगा कोन आनन?" आत्याआजी म्हणाली.

मुलाने त्याच रात्री स्वतःच आपलं लिहिलेलं बदललं. मी त्याला तसं सांगितलं नव्हतं. त्याने लिहिलं की आवाज आजोबांचा नव्हता, पण तो दोन वर्षं त्यांनी आपल्या तोंडावर सांभाळला, आणि आता आईला ही दुसरी गोष्ट पहिलीपेक्षा जास्त आवडते. बंगळूरच्या बाईंनी त्या पानावर रकाने दोन केले. एकात आवाज, एकात सादरीकरण. दोन्ही भरले गेले. माहितीपत्रकाचा अर्थ सांगणारी म्हणून त्यांनी माझं नावही खाली बारीक अक्षरात टाकलं आहे. मी नको म्हटलं होतं, पण फार जोरात म्हटलं नव्हतं.

देवळीला आता गल्लीतली मुलं आत्याआजीला जाहिरात म्हणायला लावतात. ती आधी नाही म्हणते आणि मग म्हणते. परवा लाइट गेली तेव्हा शेजारणीने भिंतीवरून आवाज दिला की आत्याबाई, बादशाले बोलवा. सासूचं वाक्य तिच्या अंगणात परत आलं आणि या वेळी हसायला पदराची गरज नव्हती.

तुमच्या भिंतीवरची माणसं इमारतींवरून उड्या मारतात, मला ती आवडतात. त्यांना मुखवटे असतात आणि कुणाला खरं नाव कळू नये म्हणून ती फार धडपडतात. आपल्याकडेही तशी दोघं होती. त्यांची नावं मी इथे लिहीत नाही, कारण ती आता जिथे असायला हवीत तिथे आहेत. ते पान उघडा आणि वाचा. आणि जाहिरात ऐकाल तेव्हा शिंकेच्या आधी बंद करू नका.